पाहुणा क्रमांक ४८२१७

सासूबाई सकाळी सहा चाळीसला उठत. उशीखालची चष्म्याची डबी, भिंतीला टेकवलेली काठी आणि खिडकीतल्या पेल्यात बुडवून ठेवलेली कवळी, या तीन वस्तूंपैकी पहिल्या दोन त्या घेत आणि तिसरीला ओळखही न दाखवता पुढे जात. कवळी त्यांच्या धाकट्या मुलाने स्वतःच्या हातांनी बनवली होती. त्याचा धंदाच तो. आसपासच्या सात दंतवैद्यांकडून त्याच्याकडे माणसांच्या तोंडांचे साचे येत आणि त्यांवरून तो लोकांना चावायची आणि हसायची सोय करून देई. फक्त जन्मदात्रीच्या हिरड्यांपुढे त्याची कला हरली होती. "या कवळीनं मी चावत नाही, ती मला चावते," असे त्या येईल-जाईल त्याला सांगत. आणि येणारा-जाणारा बहुतेक वेळा गिऱ्हाईकच असे.

सहा पंचेचाळीसला त्या मधले दार लोटून कामाच्या खोलीत शिरत. या खोलीला मुलगा 'लॅब' म्हणे, बाकी सगळे 'दातांची खोली'. डावीकडे प्लॅस्टरचे पिंप, समोर पॉलिशचे यंत्र, फळीवर बिजागऱ्यांत अडकवलेले अकरा जबडे, आणि पिंपाशेजारी चार्जरला लटकणारा फोन. फोन धंद्याचा होता. दंतवैद्य त्यावर दातांचे फोटो पाठवत, म्हणून तो लॅबमधून हलवायला सर्वांना बंदी होती. त्याच्या काचेवर प्लॅस्टरने माखलेल्या अंगठ्याचा एक पांढरा ठसा कायम असे. सासूबाई तो बाहीने पुसत आणि मग ठरलेला क्रम सुरू होई: खेळ उघडायचा, पडद्याच्या कोपऱ्यातल्या दातेरी चाकावर बोट ठेवायचे, 'खाते बदला' दाबायचे, 'लॅब' या नावावरून खाली 'पाहुणा क्रमांक ४८२१७' या नावावर यायचे, आणि 'नक्की?' या आगाऊ प्रश्नाला 'हो' म्हणायचे.

खेळ मोत्यांचा होता. एकाच छटेचे तीन मोती ओळीत आणले की ते फुटत. खेळायला पाच जीव मिळत; डाव हरला की एक जाई आणि अर्ध्या तासाने परत येई. सुरुवातीला लाल, निळा, हिरवा असा बाळबोध प्रकार. पाचशेव्या पातळीनंतर मात्र सगळेच मोती पांढरे, आणि त्या पांढऱ्यातही सायीचा, हस्तिदंताचा, राखेचा, जुन्या कागदाचा असे भेद. सासूबाई सहा महिन्यांत सातशे अठराव्या पातळीवर पोचल्या होत्या. मुलगा 'लॅब' या खात्यावर तीन वर्षे खेळून त्रेसष्टाव्या.

खात्याच्या नावाला इतिहास होता. दोन भावांत ठरले होते की आईने सहा महिने थोरल्याकडे राहायचे, सहा महिने धाकट्याकडे. हे ठरले तेव्हा आई स्वयंपाकघरात होती. तिला निकाल कळवण्यात आला. थोरल्याकडची पहिली पाळी संपवून त्या इकडे आल्या, मुलाच्या हातातला खेळ पाहून त्यांनाही हौस वाटली, तेव्हा मुलगा म्हणाला होता, "सहाच महिने आहेस ना? मग खातं कशाला काढायचं? पाहुणा म्हणून खेळ." तो हे बोलला आणि विसरला. सासूबाईंनी ते जपून ठेवले. जेवताना मीठ हवे असले तरी त्या म्हणत, "पाहुण्यांकडे जरा मीठ सरकवा."

आता पाळी संपत आली होती. रविवारी थोरला गाडी घेऊन येणार होता. सासूबाईंची बॅग सहा महिने पलंगाखालीच होती आणि ती कधीच पुरती रिकामी झाली नव्हती.

गुरुवारी सकाळी खेळ उघडताच त्या ओरडल्या, "माझे पाच जीव कुठे गेले?"

सून मेणात दात रोवत बसली होती. तिने चिमटा खाली ठेवला. "आई, काय झालं?"

"काल संध्याकाळी पाच जीव शिल्लक ठेवले होते. आज एक नाही. या घरात कुणीतरी माझ्या जिवावर उठलंय."

कवळीवाला पॉलिशच्या यंत्राआड जरा जास्तच वाकला. तेवढ्यावरून बायकोला सगळे कळले.

"अहो, तुम्ही?"

"मघाशी पहाटे खातं बदलायचं राहून गेलं," तो यंत्र बंद करत म्हणाला. "वर सातशे अठरा आकडा दिसला. मला वाटलं, खेळवाल्यांनी शेवटी माझी कदर केली."

"आणि हरलास," सासूबाई म्हणाल्या.

"सगळे पांढरेच होते गं! माणसानं ओळखायचं कसं?"

"पाचही जीव?"

"पाचही."

"आईच्या जिवावर उड्या मारायची सवय तुझी. शाळेत होतास तेव्हापासूनची."

जीव भरून यायला अडीच तास लागणार होते. तोवर सुनेने फोन हातात घेतला तो समजूत काढण्यासाठी; पण खाली बारीक अक्षरांत एक ओळ होती, ती तिने सहज मोठ्याने वाचली: 'पाहुण्याचा खेळ याच फोनवर राहतो. तीस दिवस न उघडल्यास पुसला जाईल.'

 सासूबाईंनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा लावला. 

"तिकडे नेता येईल का गं हे?" त्यांनी विचारले. सहा महिन्यांत त्यांनी टोमणा न मारता काही मागण्याची ही पहिलीच वेळ होती.

सुनेने आपल्या बटणांच्या फोनवरून जावेला फोन लावला. त्या फोनचा आवाज कमी होत नसे. पलीकडचे माणूस खोलीतच बसल्यासारखे बोले.

"खेळ?" जाऊ म्हणाली. "अगं, पण आमच्याकडे जागा कुठंय? एक फोटो काढायचा तर दोन पुसावे लागतात. आणि मोबाइल ह्यांचा, तो दिवसभर ह्यांच्याबरोबर. आईंना सांग ना, तिकडे टीव्ही आहे."

फोन ठेवल्यावर सासूबाईंनी विचारले, "जागा नाही म्हणाली, ते फोनमध्येच ना?"

"फोनमध्येच, आई."

"हं. नीट विचारून घेतलेलं बरं."

खेळ पुसला जाऊ नये याचा मार्ग एकच होता, आणि तो कवळीवाल्याला माहीत होता, कारण त्याने सूचना वाचल्या होत्या. पाहुण्याचा खेळ पक्क्या खात्यात टाकता येई. खात्याला फोनचा नंबर लागे. दातांच्या फोनचा नंबर 'लॅब'ला दिलेला होता आणि बटणांच्या फोनला खेळ कशाशी खातात हेच ठाऊक नव्हते. म्हणजे आईचा खेळ 'लॅब'मध्ये टाकायचा. पण एका खात्यात एकच खेळ राही. दुसरा पुसला जाई.

"मग टाका," सून म्हणाली.

"आणि माझे त्रेसष्ट?"

"त्रेसष्टच तर आहेत."

"तीन वर्षांची मेहनत आहे ती! एकेक पातळी मी विचार करून चढलोय."

"तेच तर दिसतंय," सासूबाई म्हणाल्या.

तो रागावून कामाला लागला. काम अवघड होते. एका निवृत्त मुख्याध्यापिकेच्या समोरच्या एकाच दाताची छोटी कवळी दुसऱ्यांदा परत आली होती. दात बसत होता, दुखत नव्हता. पण बाईंचे म्हणणे होते की तो शेजारच्या दातांच्या वर्गातला वाटत नाही. कवळीवाल्याने फोनवर बाईंच्या दातांचा फोटो उघडला आणि नमुन्याच्या दातांची पट्टी त्याच्याशेजारी धरली. सोळा दात, सोळा छटा, प्रत्येकाखाली अक्षर आणि आकडा. तो पुटपुटला, "ए-दोन. ए-दोनच आहे. बाईंनाच खोड काढायची सवय."

सासूबाई जीव भरायची वाट पाहत शेजारी बसल्या होत्या. त्यांनी फोटोकडे पाहिले, पट्टीकडे पाहिले.

"हा सायीचा लावलायस. बाईंचे राखेकडे गेलेत."

"आई, हा खेळ नाहीये."

"तो घे. उजवीकडून सहावा."

उजवीकडून सहाव्याखाली 'सी-दोन' असे लिहिले होते. कवळीवाल्याने तो दात फोटोजवळ नेला, दूर नेला, उजेडात नेला आणि परत जागेवर ठेवला. "हं. बघू," असे म्हणून तो साचे आणायला बाहेर पडला. त्याच्या भाषेत 'बघू' म्हणजे नाही. तो गेल्यावर सुनेने खणातून सी-दोनचा दात काढला, जुना उपटला, नवा मेणात रोवला, आणि संध्याकाळपर्यंत कवळी उकळत्या पाण्यात शिजवून, घासून, चकचकीत करून पाकिटात घातली. पाकिटावर तिने नेहमीप्रमाणे नवऱ्याचीच सही केली. त्याच्या अनेक चांगल्या कवळ्यांवरची सही तिचीच होती.

शुक्रवारी दुपारी दंतवैद्याचा निरोप आला: 'या वेळी छटा कोणी निवडली? बाई आरसा खाली ठेवत नाहीत. पुढची अवघड कामं यांच्याकडूनच बघून घ्या.'

कवळीवाल्याने निरोप वाचला. बायकोकडे पाहिले. ती मेण तापवत होती.

"योगायोग," तो म्हणाला.

"असेल," ती म्हणाली.

शनिवारी सकाळी तो तयार कवळ्यांचा डबा घेऊन दंतवैद्यांकडे निघाला. जाताना त्याने पलंगाखालची बॅग बाहेर ओढली आणि आईला म्हणाला, "कपडे भरून ठेव हं. दादा उद्या लवकर येईल."

त्याची स्कूटर कोपऱ्यावरून वळल्याचा आवाज आला. सासूबाई फोनसमोर बसल्या होत्या. पण त्यांनी 'खाते बदला' दाबले नव्हते. आता त्यांची सातशे चोविसावी पातळी होती. ज्या इमारतीत उद्यापासून राहायचे नाही तिचा आणखी एक मजला कशाला चढायचा, असा काहीसा त्यांचा चेहरा होता.

सुनेने हात पुसले. सासूबाईंवर तिचे फार प्रेम होते असे म्हणणे खोटे ठरेल. सहा महिन्यांत त्यांनी तिच्या डाळीला, झाडूला आणि माहेरच्या तीन पिढ्यांना नावे ठेवली होती. पण एक प्रश्न गुरुवारपासून तिच्या मनात रुतून बसला होता, आणि आजवर तो कोणीच विचारलेला नाही हेही तिच्या ध्यानात आले होते.

"आई, तुम्हाला जायचंय का?"

सासूबाईंनी वर पाहिले. "म्हणजे?"

"तिकडे. उद्या. जायचंय का?"

"ठरलंय ना तुमचं."

"ठरलंय ते ठरलंय. तुम्हाला जायचंय का, ते विचारतेय."

सासूबाईंनी फळीवरच्या अकरा जबड्यांकडे पाहिले, जणू त्यांच्यापैकी कुणी उत्तर देईल.

"तिकडे जागा नाही म्हणे," त्या अखेर म्हणाल्या. "फोनमध्ये."

"इथे आहे."

"आणि माझी बडबड?"

"पॉलिशचं यंत्र लावलं की ऐकू येत नाही."

सासूबाई हसल्या. दात नसलेले तोंड पूर्ण उघडून, संकोच न करता हसल्या. मग त्यांना आठवले. "पण त्याचे त्रेसष्ट जातील गं."

"जातील."

"जाऊ देत. परत चढेल. वय आहे त्याचं."

सुनेने फोन घेतला. दातेरी चाक, 'पाहुणा क्रमांक ४८२१७', 'खेळ पक्क्या खात्यात टाका', 'लॅब'. पडद्यावर चौकट आली: 'या खात्यात आधीच एक खेळ आहे. कोणता ठेवायचा? पातळी ६३. पातळी ७२४. दुसरा कायमचा पुसला जाईल.' तिने खालच्या ओळीवर बोट ठेवले. 'नक्की?' तिने 'हो' दाबले. एक चक्र फिरले, थांबले, आणि वर नाव आले: 'लॅब. पातळी ७२४.'

मग तिने बटणांच्या फोनवरून जावेला सांगितले की उद्या दादांना गाडी काढायला सांगू नका. आईंना इथे काम लागलंय. पलीकडे "काम?" असा आवाज झाला, आणि लगेच "बरं" असा एक शब्द, ज्यात सुटका लपवायचा प्रयत्न फारसा नव्हता.

उरलेले दोघींनी मिळून केले. बॅगेतले कपडे कपाटाच्या मधल्या कप्प्यात गेले. त्या कप्प्यात कवळीवाल्याचे जुने साचे होते; ते वर्तमानपत्रात गुंडाळून बॅगेत भरले, बॅग माळ्यावर चढवली. हे सगळे ठरले तेव्हा कवळीवाला बाहेर होता. त्याला निकाल कळवण्यात येणार होता.

तो दुपारी आला. डबा ठेवला, पलंगाखाली पाहिले, कपाट उघडले, बंद केले. बायको मेणात दात रोवत होती. आई पट्टी हातात घेऊन एका नव्या फोटोकडे डोळे बारीक करून पाहत होती आणि म्हणत होती, "हा माणूस विडी ओढतो. कागदाचा लाव."

त्याने फोन चार्जरवरून काढला. खेळ उघडला. 'लॅब. पातळी ७२४.' तो आकडा तो बराच वेळ पाहत राहिला. सासू-सुना दोघी आपापल्या कामात फारच गढून गेल्या होत्या.

त्याने अंगठ्याचे प्लॅस्टर विजारीला पुसले, दातेरी चाकावर बोट ठेवले, 'खाते बदला' दाबले आणि यादीच्या तळाशी गेला. तिथे लिहिले होते, 'पाहुणा म्हणून खेळा'. पडद्याने विचारले, 'नक्की?'

त्याने 'हो' दाबले आणि लाल, निळे, हिरवे मोती जुळवायला सुरुवात केली.