कोरड्या जिभेचा न्याय

पीर शेख रुवैशिदच्या कबरीपाशी ठेवलेल्या वस्तूला आमच्या डोंगरात कोणी हात लावत नाही. माणसं तंबू, धान्याची पोती, बंदुकासुद्धा तिथे ठेवून जनावरं चारायला दूर जातात आणि परतल्यावर धूळ झटकून आपापलं उचलतात. माझ्या सासूनं तिथे जातं ठेवलं आणि विसरूनच गेली. मी सून म्हणून आले तेव्हा पहिलं काम काय, तर ते जातं पाठीवर घेऊन घरी आणायचं! तेव्हा सबहानं त्या दिवशी पाहुण्यांना जे सांगितलं त्यात तिचं काही चुकलं नाही.

पाहुण्यांच्या उंटावरच्या सहलीचा दुसरा दिवस होता. सहलीचा स्वयंपाक माझ्याकडे, म्हणून मी निखाऱ्यातली भाकरी काढून काठीनं झोडपत होते.

"मावशी, नीट झटका हो. पाहुण्यांच्या दाताखाली राख यायला नको," सबहा म्हणाली.

"येऊ दे. शहरी पोटं आहेत, साफ होतील."

ती तोंडावर ओढलेल्या पदराआडून हसली. आमच्या खोऱ्यातल्या मुसल्लमची ही एकुलती एक लेक, आणि या वाटेवर पाहुण्यांना फिरवणारी पहिली बाई. आमच्या बुजुर्गांनी तिला परवानगी देताना इतके आढेवेढे घेतले की तेवढ्या वेळात उंटीण व्याली असती. पण पोरगी हुशार. कुठल्या कातळावर आमच्या आज्या दुधाची धार सोडायच्या, कुठल्या बाभळीची फांदी तोडायची नाही, कुठल्या झऱ्यापाशी मोठ्यानं बोलायचं नाही, हे ती अशा गोडीनं सांगायची की पाहुणे आपसूक चपला काढायचे. सहलीचा म्होरक्या सुवैलम मात्र पुढच्या उंटावर बसून नुसते हुकूम सोडायचा. उंटावरून शेळ्या हाकणं म्हणतात, ते आमच्याकडे खरोखरीचं बघायला मिळतं.

दुपारी कबरीपाशी पोचलो. कैरोहून आलेल्या नर्मीन मॅडमचा हात उन्हानं सुजला होता. त्यांनी आईची आठवण असलेली सोन्याची बांगडी ओढून काढली आणि पिशवीत टाकली. आम्ही सगळ्यांनी पाहिलं. अहो, सोनं निघालं की माना वळतातच!

"सामान इथेच राहू द्या," सबहा म्हणाली. "शेखच्या सावलीतली वस्तू कोणी हलवत नाही."

पाहुणे तिच्यामागून वरच्या कातळाकडे गेले. खाली मी होते, सुवैलम आणि उंटवाले होते, पायाला फोड आलेला एक गोरा पाहुणा बाभळीखाली पडला होता. मधेच दोन धनगरणी धूप लावून गेल्या. आणि सबहा एकदा पाण्याची कातडी पखाल न्यायला खाली येऊन गेली. एवढंच. पाहुणे उतरले, मॅडमनी पिशवीत हात घातला आणि त्यांचा चेहरा उतरला.

सगळ्या पिशव्या उपड्या केल्या. वाळू चाळली. माझ्या पिठाच्या गोणीत सुवैलमनं कोपरापर्यंत हात घातला, वर मलाच, नासिरच्या आईला, म्हणाला, "राग मानू नको हं, उम्म नासिर."

"राग कसला? हात आधी धुतला होतास का, एवढं सांग."

मॅडम म्हणत होत्या, "जाऊ दे, वाद नको." पण म्हणता म्हणता पिशवी छातीशी धरली होती. त्या क्षणापासून सहलीचा नूरच पालटला. जो तो आपल्या सामानावर बसून जेवायला लागला. मी चहा ओतला की कपाआधी माझ्या बाहीकडे नजर जायची. मीही काही कमी नव्हते. मला तो फोडवाला पाहुणा डाचत होता. पायाला फोड आणि माणूस दोनदा उठून झाडामागे जातो? मग वाटलं, त्या धनगरणी. मग वाटलं, मॅडमनी स्वतःच कुठे पाडली असेल. मग, खरं सांगते, सुवैलमचासुद्धा संशय आला. संशयाचं असं आहे की त्याला एकदा घरात घेतलं की तो सगळ्यांच्या ताटातलं खातो.

पण बोट मात्र एकीकडेच वळलं. माझ्याकडे आणि उंटवाल्यांकडे नाही, कारण त्यांत माझे तिघे दांडगे मुलगे आहेत. पाहुण्यांकडे नाही, कारण पाहुणा म्हणजे अल्लाहची देणगी. उरली सबहा. भाऊ नाही, आई नाही, आणि बाप कोण, तर मुसल्लम.

मुसल्लमचं आमच्या खोऱ्यात सगळ्यांना ठाऊक होतं. सबहा तान्ही असताना एकाची पांढरी उंटीण नाहीशी झाली होती आणि आळ आला मुसल्लमवर. तेव्हा त्याला बिशा करावी लागली. बिशा म्हणजे दिव्य. कॉफी भाजायची लांब दांड्याची लोखंडी पळी लालबुंद तापवायची आणि आरोप असलेल्यानं ती जिभेनं चाटायची. खऱ्याची जीभ भाजत नाही, खोट्याची भाजते, असं वाडवडील सांगत आले. मुसल्लमची भाजली, चांगली फोड येऊन सोलली. तेव्हापासून तो बोबडा बोलतो, खरं म्हणजे बोलतच नाही. बैठकीत चपलांपाशी बसतो. चहाचा पेला त्याच्यापर्यंत येतो तेव्हा किटलीच्या तळाची पानं उरलेली असतात.

"खाण तशी माती," उंटवाल्यांत कोणीतरी पुटपुटलं. सबहानं ते ऐकलं. त्या दिवशी तिनं पाहुण्यांना पुढची एकही गोष्ट सांगितली नाही.

दुसऱ्या दिवशी आम्ही झऱ्याकाठी तंबू ठोकत होतो तोवर टोयोटातून बुजुर्ग उतरले. बरोबर मुसल्लम होता, आणि बिशावाले हाजी अयाद. हाजी माणूस वाईट नव्हे. पांढरे स्वच्छ कपडे, मऊ बोलणं, त्यांच्या घराण्यात ही पळी पिढ्यान्‌पिढ्या चालत आलेली. त्यांनी पोरीची चौकशी केली, पाणी पी म्हणाले, सावलीत बस म्हणाले. कसाईसुद्धा आधी बकरीला पाणी पाजतो.

"शेखच्या दारात चोरी झाली," थोरले बुजुर्ग म्हणाले. "ही वाट बंद पडेल. पाहुणे येणार नाहीत. डाग धुतला पाहिजे."

"मी घेतली नाही," सबहा म्हणाली.

"मग झालं तर! कर नाही त्याला डर कशाला?"

आमच्यात बाईवर आळ आला तर तिच्यासाठी बाप किंवा भाऊ पळी चाटतो. म्हणजे बाईला चारचौघांत पदर वर करून जीभ दाखवावी लागत नाही. मुसल्लम पुढे झाला आणि त्यानं स्वतःच्या छातीवर हात ठेवला.

हाजींनी मान हलवली. "तुझी जीभ चालणार नाही, मुसल्लम. ती एकदा खोटी ठरली आहे."

तो तसाच उभा राहिला. मग हात खाली गेला. माणसाला एकदा भाजलं, आता त्याच भाजलेपणापायी त्याच्या लेकीला पदर उचलायला लावताहेत.

इकडे पाहुण्यांत कुजबुज सुरू झाली. फोडवाल्यानं सुवैलमला विचारलं, "बघायला चालेल का? फोटो?" आणि या सुवैलमनं, आग लागो त्याच्या शहाणपणाला, पाहुण्यांसाठी चटया अंथरल्या! नर्मीन मॅडम तेवढ्या उठून म्हणाल्या, "माझी बांगडी गेली तर गेली. मला हे नको." बुजुर्ग त्यांना हसून म्हणाले, "बांगडीचा प्रश्न आता राहिला नाही, बाई. आमच्या अब्रूचा आहे."

माझ्याच चुलीतले निखारे त्यांनी पळीसाठी ओढले. मी भाकरीचं पीठ मळत तिथेच बसले होते, म्हणून बापलेकीचं बोलणं माझ्या कानावर पडलं.

"तोंड चांगलं खळखळून घे," मुसल्लम सांगत होता. एवढी वाक्यं मी त्याच्या तोंडून कधी ऐकली नव्हती. "घाबरू नको. खऱ्याला आग धरत नाही."

"मग तुम्हांला का धरली, बाबा?"

तो वाळूत बोटानं रेघा ओढत राहिला.

"बाबा, उंटीण तुम्ही नेली होतीत?"

"आठवत नाही."

"आठवत नाही म्हणजे? उंटीण आहे ती, कोंबडी नव्हे!"

"तसं नाही गं. आधी ठाऊक होतं की नेली नाही. पण आग खोटं कसं बोलेल? मग वाटायला लागलं, नेलीच असेल आपण. झोपेत, नाहीतर मनात. ती उंटीण सुंदर होती. मला आवडायची. तेवढंही पुरत असेल."

लेकीबाळींच्या आयाबापांनो, जरा थांबा इथे. या माणसानं सबहा तान्ही होती तेव्हापासून स्वतःवरच पाळत ठेवली होती. जगानं संशय घेतला तर माणूस दार लावून घरात बसतो, पण आपलाच आपल्यावर संशय आला तर त्यानं बसावं कुठे?

पळी लाल झाली. हाजींनी हाक मारली. सबहा उठली, तिनं तोंड खळखळलं, आणि सगळ्यांसमोर उभी राहिली. तिचा हात पदराकडे गेला. मला वाटलं, संपलं आता.

तिनं पदर खाली ओढून घट्ट खोचला.

"मी चाटणार नाही."

"म्हणजे कबूल करतेस," बुजुर्ग म्हणाले.

"कबूल काय करू? बांगडी मी घेतली नाही. हे मी हवं तितक्यांदा सांगते, शेखच्या कबरीवर हात ठेवून सांगते. पण चूळ भरूनही माझी जीभ आत्ता कोरडी ठणठणीत आहे. तुमच्या त्या पळीकडे बघून कोणाची ओली राहील? चोराची जीभ ओली राहिली तर तो सुटेल आणि मी भाजेन."

"पोरी, नकार म्हणजे गुन्हा. अशीच रीत आहे," हाजी शांतपणे म्हणाले.

"मग आणखी एक विचारू द्या." ती चपलांपाशी बसलेल्या मुसल्लमकडे वळली. "बाबा. सगळ्यांसमोर विचारते. उंटीण तुम्ही नेली होतीत?"

"त्याचं उत्तर तेव्हाच मिळालं," बुजुर्ग ओरडले.

"आगीला विचारलं होतं. त्यांना कोणी विचारलं होतं?"

मुसल्लम उठला. भिंतीला धरावं तसा उंटाच्या खोगिराला धरून उभा राहिला.

"नाही," तो म्हणाला. मग जरा मोठ्यानं, त्याच्या त्या बोबड्या जिभेनं, "नाही. नेली नव्हती. मी भ्यालो होतो. सकाळपासून पाण्याचा घोट घशाखाली गेला नव्हता. मी नुसता भ्यालो होतो हो."

आणि तो म्हातारा माणूस हुंदके देऊन रडायला लागला. लेक त्याच्यापाशी गेली आणि त्याचा हात धरून उभी राहिली.

हाजींच्या हातात पळी होती. लाल रंग उतरून ती काळी पडत चालली होती. परत तापवायची तर कोणीतरी निखारे फुंकायला हवेत, म्हणून त्यांनी आजूबाजूला बघितलं. आता निखाऱ्यांजवळ कोण होतं? मी. मी पाण्यानं भरलेली किटली उचलली आणि त्या निखाऱ्यांवर ठेवून दिली.

"उम्म नासिर! हे काय?"

"चहा. माझी चूल आहे. बिशाच करायची असेल तर दुसरीकडे जाऊन लाकडं गोळा करा."

माझे तिघे मुलगे माझ्यामागे येऊन उभे राहिले. त्यांना कोणी काही सांगितलं नव्हतं. पळी कोणी पुन्हा तापवली नाही. चहा झाल्यावर पहिला पेला मी मुसल्लमला दिला, पानं नसलेला, साखर भरपूर घातलेला. तो दोन्ही हातांनी पेला धरून कितीतरी वेळ नुसता फुंकत बसला.

"पण मग बांगडी कोणी घेतली?" सुवैलमनं शेवटी विचारलंच.

"माहीत नाही," सबहा म्हणाली.

एवढं साधं उत्तर. पण आमच्या बैठकीत ते याआधी कोणी दिल्याचं मला आठवत नाही.

सगळं गोड झालं असं समजू नका. बुजुर्गांनी नकार हीच कबुली धरली. दोन घरांनी आमच्याकडे येणं सोडलं. विहिरीवर अजून बायका सबहा आली की आपल्या हातातल्या बांगड्या चाचपतात. बांगडी आजतागायत सापडलेली नाही, आणि माझा त्या फोडवाल्यावरचा संशय गेलेला नाही. पण तो आज माझ्यासमोर आला तरी मी त्याच्या जिभेला पळी लावू देणार नाही. तुमच्याकडे पळी नसेल. पण न विचारता कोणाला तरी चपलांपाशी बसवलेलं असेलच ना? घरात, गल्लीत, भावकीत? बघा एकदा.

पुढच्या खेपेला कबरीपाशी पोचलो तेव्हा सबहानं पाहुण्यांना पुन्हा तेच सांगितलं, सामान इथेच राहू द्या. फक्त पुढे म्हणाली, "राखायला माझे बाबा बसतील."

मुसल्लम कबरीवर ताणलेल्या हिरव्या चादरीच्या सावलीत मांडी घालून बसला. नव्या पाहुण्यांना काही ठाऊक नव्हतं, त्यांनी पटापट पिशव्या टाकल्या. उंटवाले मात्र जागचे हलले नाहीत. एकमेकांकडे बघत होते. सबहा थांबली. मीही भाकरी उलटायची थांबले.

सुवैलम उंटावरून उतरला. खांद्यावरची झोळी काढली, त्यात त्याचे पैसे असतात हे सगळ्यांना ठाऊक आहे. ती त्यानं मुसल्लमच्या पुढ्यात ठेवली आणि कातळाची वाट धरली. जाताना दोनदा मागे वळून बघितलं, पण झोळी परत उचलली नाही.