बागेच्या वाटेवरचा दगड

शनिवारी सकाळी दहाच्या सुमाराला ग्लेनिसचा फोन आला.

"थिया, टिल्ली पुन्हा पुलावर गेली."

"गेली म्हणजे?"

"गेली म्हणजे गेली. पूल संपला, डावीकडे वळली, आणि खेळच बंद. आठवड्यात चौथ्यांदा."

"डावीकडे? बागेकडे?"

"बागेकडेच गं."

मला आनंद झाला. तो आवाजात उतरू नये म्हणून मी थोडी खोकले आणि म्हणाले, "बघायला लागेल. येते."

टिल्ली म्हणजे ग्लेनिसच्या संगणकावरच्या खेळातली बाई. तांबड्या केसांची, पाठीला धनुष्य, बर्फाच्या डोंगरांतून एकटी घोडा हाकणारी. खेळ जुना आहे. करणाऱ्यांनी तो कधीच सोडून दिला, खेळणाऱ्यांनी सोडला नाही. कुणी घरी बसून त्यात नवं गाव घातलं, कुणी नदीचं पाणी निळं केलं, कुणी कोंबड्यांना खऱ्या कोंबड्यांचा आवाज दिला. या घरगुती भरीला मॉड म्हणतात. ग्लेनिसच्या खेळात असे दोनशे बारा मॉड आहेत, आणि गेली अकरा वर्षं ते एकमेकांच्या उरावर न बसता नांदतायत ते माझ्यामुळे. कुणाला आधी बसवायचं, कुणाला शेवटी, कुणाचं कुणाशी पटत नाही, सगळं मला पाठ. आमच्या बेटावर, डेव्हनपोर्टच्या बाजारात, मी किल्ल्या कापते. कुलूप कुठे अडतंय ते डोळ्याआधी हाताला कळतं. हेही तसंच.

खेळ सुरळीत झाला की ग्लेनिस मला करी घातलेल्या शिंपल्यांची पेस्ट्री वाढते, वर पिठाचं खुसखुशीत कवच, आत पिवळा रस्सा. तीस वर्षं ती सामुद्रधुनीवरच्या बोटीत स्वयंपाकीण होती. समुद्र उसळत असला तरी तिच्या हातचा रस्सा सांडला नाही. पेस्ट्री येते ती निळ्या काठाच्या ताटलीत. ती ताटली माझी. तसं कुणी ठरवलं नव्हतं, पण अकरा वर्षं दुसऱ्या कुणाचा काटा-चमचा तिला लागला नव्हता.

मग डूगल आला.

डूगल निवृत्त भूमापक. उंच, हळू बोलणारा, कुठलीही गोष्ट दोन पावलं मागे सरकून बघणारा. वाचनालयात दर बुधवारी हे खेळ खेळणारी मंडळी जमतात, तिथे ग्लेनिसशी त्याची ओळख झाली. तिने त्याला स्प्रेटनच्या बागेचं सांगितलं. तिच्या वडिलांची सफरचंदांची बाग होती तिथे. विलायतेने आमची सफरचंदं घेणं थांबवलं तेव्हा ती ओळीच्या ओळी उपटून जाळली. ग्लेनिस तेव्हा सतरा वर्षांची. धूर तीन दिवस अंगणात बसून होता म्हणते.

हे मी अकरा वर्षं ऐकत आले. पहिल्या ओळीत कुठली झाडं, शेडचं दार कुठल्या बाजूला, शिडीची कुठली पायरी मोडकी, मला विचारा. मी ऐकलं, मान हलवली, आणि पुढचा मॉड तपासायला घेतला.

डूगलने एकदा ऐकलं आणि बाग लावली.

सहा आठवडे खपून त्याने तिच्या खेळात, नदीपलीकडे, बर्फ जरा विरळ होतो तिथे, ती अख्खी बाग उभी केली. शेडसकट. मोडक्या पायरीसकट. ग्लेनिसने टिल्लीचं सगळं सामान त्या शेडमध्ये नेऊन ठेवलं, अकरा वर्षांत मिळवलेल्या तलवारी, अंगठ्या, पुस्तकं, आणि मला फोनवर म्हणाली, "थिया, मी घरी गेले गं." मी म्हणाले, "छान." आणि त्या दिवशी दुकानात तीन किल्ल्या वाकड्या कापल्या.

तर ती बाग आता खेळ पाडत होती. मी गाडी काढली.

ग्लेनिसच्या मोरीत एक ताटली भिजत पडली होती. निळ्या काठाची. काठाला पिवळा रस्सा वाळलेला.

"कोण आलं होतं?"

"डूगल. काल. खेळाचं त्यालाच आधी दाखवलं मी, त्याचीच बाग ना. तो म्हणाला, थियाला विचार, हा खेळ तिच्या हातातला आहे."

"असं म्हणाला?"

"असंच. तोंड का वाकडं करतेस?"

"मी कुठे?"

"आरशात बघ, बये."

मी खुर्ची ओढून बसले. आम्हा मॉडवाल्यांत पहिला धडा असा, की शेवटी आलेल्यावर आधी आळ घेऊ नये. नवा मॉड घातला आणि खेळ पडला की नवखी माणसं नव्यालाच धरतात. दहापैकी सहा वेळा दोष जुन्याचा निघतो. हे मी किती जणांना शिकवलंय. तरी त्या ताटलीकडे पाठ करून मी म्हणाले, "बागच असणार. दुसरं काय नवं घातलंयस?"

ग्लेनिस कोट चढवत होती. तिचं कमरेचं दुखणं, शनिवारी व्यायामाला जाते. एक हात बाहीत, एक बाहेर, तशीच थांबली.

"काढावी लागेल?"

"हो."

"शेडमधलं सामान?"

"बाग गेली की शेड जाणार, शेड गेली की सामान."

तिने दुसरा हात बाहीत घातला. बटणं लावली. वरचं एक राहिलं. "आता ओरडत बसायचं वय नाही माझं. झाडं एकदा गेलेली बघितली आहेत, पुन्हा बघेन. पण नीट बघ हं, पोरी. अगदी नक्की झालं तरच काढ."

दार लागलं आणि मी एकटी उरले, समोर टिल्ली, पुलाच्या अलीकडे थंडीत उभी.

नीट बघायचं म्हणजे काय, तर अर्धं-अर्धं करत जायचं. बाग चालू ठेवली, बाकीच्या दोनशे अकरातले अर्धे बंद केले, टिल्लीला पुलावरून नेलं. डावीकडे वळली, आणि बागेच्या फाटकापर्यंत चालत राहिली. तिथेच मी तिला थांबवलं. खेळ पडला नाही.

म्हणजे एकटी बाग निर्दोष होती. बंद केलेल्यांपैकी कुणाशी तरी तिचं वाजत होतं.

मला हे नको होतं. पण हात थांबेनात, कुलूप पुढ्यात असलं की थांबत नाहीत. त्या अर्ध्यातले अर्धे परत चालू केले. पडला. त्यांतले अर्धे बंद. पडला. पुन्हा अर्धे, पुन्हा पूल, पुन्हा डावं वळण. टिल्लीला मी सकाळभरात आठ वेळा मारलं. नवव्या वेळी यादीत बागेशिवाय एकच नाव उरलं होतं.

ते माझं होतं. सात वर्षांपूर्वी केलेली छोटीशी फाइल, नाव नुसतं "दगड".

पुलाच्या पलीकडे वळणावर मूळ खेळातच एक दगड होता, गुडघाभर उंच, शेवाळलेला. टिल्लीचा घोडा दर वेळी त्याला अडायचा. ग्लेनिसचं नुकतंच ऑपरेशन झालं होतं, दिवसभर खुर्चीत, आणि घोडा अडला की ती अशी काही उसासायची जणू तिचंच पाऊल अडलंय. मला तेव्हा मॉड बनवता येत नव्हते. एका रविवारी बसून शिकले आणि तो दगड खोडून टाकला. तिला सांगितलं नाही. तिच्या लक्षात येईल म्हणून वाट बघितली. घोडा पुन्हा कधी अडला नाही, आणि अडला नाही म्हणूनच तिच्या लक्षात आलं नाही. वाटेवरचा काटा काढणाऱ्याचं असंच असतं. पायाला काहीच सांगायचं उरत नाही.

पण खोडायचं नसतं. हा आमच्यातला दुसरा धडा, मी तो नंतर शिकले आणि मागची फाइल उघडून बघायला विसरले. मूळ खेळातली वस्तू नको असेल तर ती लपवायची आणि जमिनीखाली खोल नेऊन ठेवायची. उद्या दुसरा कुणी तिचा पत्ता विचारत आला, तर खेळ म्हणतो, आहे, खाली आहे, आणि पुढे जातो. खोडलेली असली तर खेळ शोधत राहतो, शोधत राहतो, आणि कोसळतो.

आणि डूगल भूमापक. जन्मभर त्याची मोजणी कुठल्या ना कुठल्या दगडापासून सुरू झालेली. बागेला फाटक त्याने मागाहून, या आठवड्यातच बसवलं, आणि ते त्या वळणावरच्या दगडाशीच बांधलं होतं. त्याच्या खेळात दगड होता. ग्लेनिसच्या खेळात मी तो ठेवला नव्हता.

मी हात मांडीवर घेऊन बसले. दोन वाटा होत्या. माझी फाइल दुरुस्त करायला दहा मिनिटं. बाग काढायला एक क्षण. ग्लेनिसला मी सांगूनच ठेवलं होतं, तिने बटणंही लावून घेतली होती. बाग गेली तर बुधवारी ती त्याला काय दाखवणार? मोरीतली ताटली पुन्हा कुणाची होणार? मी यादीत खाली गेले, बागेच्या नावावर बाण नेला, आणि तिथे तो बराच वेळ ठेवला.

दारावर टकटक झाली. डूगल. हातात कागदाची पिशवी, वर लिंबं दिसत होती.

"ग्लेनिस नाही?"

"व्यायामाला गेली आहे. तुम्ही बसा." आमच्या गल्लीत कुणी कुणाला अहो-जाहो करत नाही. मी त्याला मुद्दाम करायचे.

त्याने पडद्याकडे बघितलं, यादीतलं एकटं नाव वाचलं, आणि दोन पावलं मागे सरकला.

"म्हणजे सापडलं तुला."

"तुम्हाला ठाऊक होतं?"

"काल खेळ पडल्याची नोंद वाचली मी. त्यात वळणावरच्या दगडाचा क्रमांक दिसला. मग ती फाइल उघडली, खाली तुझं नाव."

"आणि तिला बोलला नाहीत."

"मी कशाला बोलू? तुझं काम आहे." त्याने लिंबं टेबलावर एकेक करून काढली. "असं करू. ती आली की मी सांगतो, माझी चूक. फाटक दुसऱ्या दगडाला बांधतो, संध्याकाळपर्यंत होईल. तुझ्या फाइलला हात लावायला नको."

एखाद्याने थोबाडीत मारली असती तर मी सोसलं असतं. तो माझी चूक अंगावर घ्यायला निघाला होता, लिंबं मोजल्यासारखा, सहज. म्हणजे बागही त्याची, बुधवारही त्याचा, आणि आता मोठं मनही त्याचंच. मला काय ठेवलंन? नुसतं उपकार सोसणं.

"माझी चूक मला द्या," मी म्हणाले.

"काय?"

"तुमची बाग तुमच्याकडे ठेवा. चूक माझी आहे, ती मी कुणाला देणार नाही."

तो काही बोलणार, तेवढ्यात ग्लेनिस काठी टेकत आत आली. आम्हा दोघांची तोंडं बघून तिथेच थांबली.

"कोण मेलं?"

डूगल म्हणाला, "ग्लेनिस, ते फाटक मी जरा चुकीचं..."

"गप्प बस, डूगल," मी म्हणाले. अहो-जाहो कुठे गळून पडलं कळलंही नाही. "माझी चूक आहे, ग्लेनिस. बाग चांगली आहे. वळणावरचा दगड मी सात वर्षांपूर्वी खोडला होता, तसा खोडायचा नसतो. त्याने खेळ पडत होता."

"कुठला दगड?"

"घोडा अडायचा तो."

ती हळूच खुर्चीत बसली. काठी मांडीवर आडवी घेतली. "तो गेला होता होय? मला वाटलं, मीच चांगली स्वार झाले."

डूगल हसायला लागला आणि थांबला.

"सात वर्षं," ती म्हणाली. "आणि बोलली नाहीस?"

"तू विचारलं नाहीस."

"अगं, न अडलेल्या दगडाचं कोण विचारतं?"

मी फाइल उघडली. दगड परत आणला, मग लपवला, मग वाटेच्या खाली, खूप खाली नेऊन ठेवला. यादीतले सगळे मॉड पुन्हा चालू केले. दहा मिनिटंही लागली नाहीत. उठून तिला जागा दिली.

टिल्लीने पूल ओलांडला. डावीकडे वळली. फाटक उघडलं, आणि मी ती बाग पहिल्यांदा बघितली. इतके दिवस बघायला नाहीच म्हणत होते. ओळीमागे ओळ, उतरतं ऊन, शेडच्या भिंतीला शिडी.

"ही सगळी डेमोक्रॅट जातीची सफरचंदं," ग्लेनिस म्हणाली, "आणि कोपऱ्यात ते एकच फॅनी जातीचं झाड. आईचं." डूगलने मान हलवली. ते झाड तिसऱ्या ओळीत हवं होतं. ग्लेनिसनेच मला सांगितलं होतं, डूगलला सांगायला विसरली असेल. हे मात्र मी माझ्याकडे ठेवलं.

दुपारी तिने पेस्ट्री काढली. मोरीतली ताटली धुऊन, पुसून, विचार न करता डूगलपुढे ठेवली. मला पांढरी मिळाली, काठाला टवका गेलेली. रस्सा तोच होता. मी खाल्लं.

ती रोज बागेत जाते आता. बुधवारी वाचनालयात डूगलला सांगते, आज अमुक ओळीत गेले, तमुक झाडाखाली बसले. मी ऐकते आणि घास गिळावा तसं गिळते. बाग त्याची आहे, झाडं त्याची, फाटकही त्याचं. पण फाटकात शिरायच्या आधी एक वळण लागतं, आणि त्या वळणाखाली, कुणाला दिसत नाही इतका खोल, माझा दगड आहे. टिल्लीचा घोडा रोज त्याच्यावरून जातो. अडत नाही.