बरणीतला जीव

"वाढला वं माय, वाढला! कालच्यापेक्षा बोटभर वाढला!"

गांधीबागेच्या मागच्या गल्लीत, रुपरावच्या दारात सकाळी साडेसातलाच पाय ठेवायला जागा नव्हती. कापड दुकानांतली माणसं फळ्या काढायची सोडून आली होती, नळावरच्या बाया भरल्या घागरी कमरेवर घेऊन तशाच उभ्या होत्या. ओसरीवर पाटावर पाण्यानं भरलेली एक मोठी काचेची बरणी होती, आणि तिच्यातल्या दगडांना कोंब फुटत होते. खोटं नाही, खरंच फुटत होते! महाराजांनी वरून निळा खडा सोडला, तो तळाशी जाऊन बसला, आणि जरा वेळानं त्याच्या अंगातून निळा धुमारा निघाला. वाकडातिकडा, चाचपडत, वर वर. शेजारच्या खड्याची तर हिरवी झाडी बरणीच्या निम्म्यापर्यंत आली होती. आता दगडाला पालवी फुटलेली पाहिल्यावर कोणाचं डोकं जाग्यावर राहणार?

"बोलो, पत्थर में प्राण!" संजीवनानंद महाराज गरजले. अमरकंटकच्या जंगलात बारा वर्षं तप केलं म्हणत, पण पोट पाहता जंगलात उपासमार झाली नसावी. "तुम्ही संत्रावाले लोक. संत्र्याचा डोळा जंभेरीच्या खुंटावर भरता का नाही? जीव इथला, मूळ तिथलं! तसाच या लेकराचा प्राण मी या दगडावर भरला आहे. अब ये झाड बढेगा, तो बच्चा जियेगा!"

हे मात्र अचूक लागलं. गल्लीतल्या अर्ध्या घरांच्या बागा काटोल-नरखेडकडे. डोळा भरलेलं, म्हणजे कलम केलेलं झाड कसं जगतं, हे प्रत्येकानं आपल्या हातानं पाहिलेलं. ज्याला शेंडा-बुडखा नव्हता अशी गोष्ट एकदम पटण्यासारखी झाली.

आत खोलीत, पाळण्यात मुन्ना पडला होता. रुपराव आणि शामलाचा अकरा महिन्यांचा पोरगा. दोन दिवसांपासून त्याला हगवण लागली होती. पाळण्याशी बसली होती प्रेमिला, रुपरावची धाकटी बहीण, मुलींच्या शाळेत विज्ञान शिकवणारी. तिनं मुन्नाच्या पोटाची कातडी चिमटीत धरली आणि सोडली. चिमटी तशीच उभी राहिली. डोळे खोल गेले होते, ओठ कोरडे ठक्क. पोरगं रडायचंही थांबलं होतं.

प्रेमिला शामलाकडे वळली.

"वयनी, चाल, आत्ताच्या आत्ता मेयो दवाखान्यात नेऊ."

"नोको वं ताई!" शामलानं तिचा हात घट्ट धरला. "महाराजानं सांगतलं, पाच दिवस दूध नोको, पाणी नोको, सुई नोको. नुसतं भस्म. अन् बरणी हालली तं पोरगं गेलं! मागच्या बारी दवाखान्यातच नेलं होतं नं आपण? आणलं का वापस?"

दोन वर्षांपूर्वी शामलाची पहिली पोरगी तापानं गेली होती. फार उशिरा नेली होती, पण आईला आठवत होता तो फक्त दवाखान्याचा पलंग.

आणि खरं सांगायचं तर प्रेमिला स्वतःच आतून हादरली होती. काल तिनं त्या बरणीला डोळा लावून तासभर पाहिलं होतं. सातवीच्या वर्गात ती दरसाल फळ्यावर लिहायची, सजीव वाढतात, सजीवांना फांद्या फुटतात, निर्जीव जागच्या जागी असतं. आणि इथे तर दगड वाढत होता! त्याच्या तळाशी मुन्नाचं जावळ बांधलेलं होतं. वर झाड चढत होतं, आणि इकडे पोरगं सुकत होतं. खरंच याचा जीव तिकडे चालला असेल तर? हा विचार मनात आला आणि तिला स्वतःची लाज वाटली, पण भीती काही गेली नाही. रात्रभर तिचा डोळ्याला डोळा लागला नव्हता.

तेवढ्यात दारात गलका झाला. पहिल्या एसटीनं शामलाचे वडील आले होते, रामाजी. नरखेडजवळ त्यांची संत्र्याची चारशे झाडं. त्यांनी गर्दी हातानं बाजूला सारली, खांद्यावरचा दुपट्टा काढला आणि बरणीपुढे उकिडवे बसले. महाराजांच्या पुढ्यात थाळीत काही निळे खडे मांडलेले होते. रामाजींनी एक उचलला, उजेडात धरला, बोटांत चुरला.

"महाराज, हे काय होय?"

"प्राणखडा. हिमालय का."

"अस्सं?" रामाजी उठले, आत आले आणि हळूच प्रेमिलाला म्हणाले, "पोरी, मी येडा असन, पण हे तं मोरचूद आहे गा! डिंक्या रोगावर चुन्यात घालून झाडाच्या बुडाले लावतो आम्ही. तीस वर्षं झाले, माहे नखं निळे होऊन राह्यले. याले कोंब कसे फुटून राह्यले, ते मात्र मले समजत नाही."

प्रेमिला उठलीच. "मामाजी, मी अर्ध्या तासात येते. तोवर पोराजवळून हलू नका. अन् कोणी पाहत नसलं तं ओठाले पाणी लावा."

ती शाळेत धावत पोचली तेव्हा रसायनशास्त्राचे कृष्णकांत सर प्रयोगशाळेचं कुलूप काढत होते. तिनं धापा टाकत सगळं सांगितलं. दगड, कोंब, निळी झाडी. सर मोठ्यानं हसले.

"अहो बाई, ही तर काचजळातली बाग! साबणवाले साबणात घालतात ते सोडियम सिलिकेट, ते पाण्यात कालवायचं. त्यात मोरचुदाचा खडा टाकला की खड्याभोवती पातळ पापुद्रा धरतो. त्यातून पाणी आत शिरतं, पापुद्रा फुगतो, वरून फाटतो, आतलं निळं पाणी उसळतं आणि त्यालाही लगेच पापुद्रा. फुगला, फाटला, गोठला. पुन्हा फुगला. हिरवा कोंब म्हणजे हिराकस, लोखंडाचा क्षार. खडा विरघळून संपला की वाढ बंद."

"म्हणून रोज नवा खडा टाकतो!"

"मग? नाहीतर झाड दुसऱ्या दिवशीच थांबायचं."

"पण सर, ते वाढतं. मुलींना काय सांगू मी, जीव म्हणजे काय?"

सरांनी किल्ली खिशात टाकली. "वाढतो तर लोखंडावरचा गंजसुद्धा. जीव म्हणजे नेमकं काय, हे एका वाक्यात मलाही सांगता यायचं नाही. पहिला जीव मातीपाण्यातून कसा झाला, याचा शोध अजून चालू आहे. पण आपल्याला माहीत नाही म्हणजे त्या महाराजाला माहीत आहे, असं होत नाही, बाई." मग त्यांना एकदम आठवलं. "पोराची तब्येत कशी आहे?"

प्रेमिलानं सांगितलं. सरांचं हसू मावळलं. त्यांनी कपाटातली काचजळाची बाटली आणि मोरचुदाची पुडी तिच्या हातात कोंबली. "पळा तुम्ही!"

ती परतली तेव्हा आरती चालली होती. प्रेमिलानं सरळ ओसरीवर काचेचा पेला ठेवला, त्यात बाटलीतलं ओतलं, पाणी घातलं आणि खडा सोडला. आरती करणाऱ्यांचे हात थांबले. थोड्या वेळानं पेल्यात निळा कोंब उभा राहिला.

"अरे बाप्पा! इच्याही दगडाले फुटला की गा!"

"मी काही तप केलं नाही," प्रेमिला म्हणाली. "हे साबणातलं रसायन अन् हा झाडाले लावायचा मोरचूद. यात कोणाचा जीव आहे, सांगा?"

महाराज मुरलेले होते. ते गडबडले नाहीत. "मुर्दा है ये! नकल! अस्सल प्राण माझ्या बरणीत आहे. विश्वास नाही? तर मग हलव बरणी! हलव ना! पोर गेलं तर पाप तुझ्या डोक्यावर!"

प्रेमिलाचा हात बरणीवर गेला आणि तिथेच थांबला. तिला मोरचुदाची भीती नव्हती. तिला पक्कं माहीत होतं की मुन्ना आता, या घटकेला, पाण्यावाचून जाऊ शकतो. बरणी हलली आणि त्याच वेळी त्यानं मान टाकली, तर? मग जन्मभर ही गल्ली म्हणेल, आत्यानं मारलं. शामलाही म्हणेल.

"थांब वं." रामाजी पुढे आले. "महाराज, एक सांगा. मी आईझाडावरून डोळा काढतो, जंभेरीवर भरतो. खुंटाले पाणी देतो, हे बरोबर. पण डोळा दिला म्हणून मी आईझाडाचं पाणी तोडत नाही! कोणता शेतकरी तोडते? मंग माह्या नातवाचं पाणी तुम्ही काहून तोडलं?"

महाराजांनी आरतीचं ताट जवळ ओढलं. बागाईतदार एकमेकांकडे पाहू लागले. हे प्रत्येकाला माहीत होतं, आणि दोन दिवसांत एकालाही सुचलं नव्हतं.

रुपराव खाली मान घालून उभा होता. शामला मात्र पाळण्यापासून उठली. तिनं मुन्नाला उचललं, ओसरीवर येऊन आपल्या बापाच्या, रामाजींच्या हातात दिलं, दोन्ही हातांनी ती जड बरणी उचलली आणि अंगणातल्या मोरीत उपडी केली. निळी-हिरवी झाडी भसकन फुटली, तिचा चिखल झाला आणि पाण्याबरोबर वाहून गेला.

सगळ्यांची नजर मुन्नाकडे. शामलानं डोळे मिटून घेतले होते.

"बाबा," ती कशीबशी म्हणाली, "पाहा ना."

रामाजींनी पोराच्या छातीवर तळवा ठेवला. किती वेळ गेला कोणास ठाऊक. "चालू आहे," ते म्हणाले. "श्वास चालू आहे. रिक्षा बोलवा!"

रिक्षात प्रेमिला चमच्यानं मीठसाखरेचं पाणी त्याच्या जिभेवर टाकत राहिली. मेयोत डॉक्टरणीला शीर सापडेना. हातात नाही, पायात नाही. अखेर डोक्यात सापडली आणि सलाईन सुरू झालं. शामला भिंतीला टेकून उभी होती, तिला तो पलंग पाहवत नव्हता. रुपराव बाहेर पायरीवर बसून रडत होता. महाराज म्हणे आरतीच्या ताटासकट कधीच सटकले होते. पण त्यांची चौकशी करायला कोणाला सवड होती?

चार वाजता मुन्नानं प्रेमिलाच्या पातळावर धो धो मुतलं. सकाळपासूनची पहिली शू. डॉक्टरीण हसली, "झालं, वाचला." आणि शामला इतक्या मोठ्यानं रडली की दोन पलंगांपलीकडच्या बाया धावत आल्या.

प्रेमिला ओल्या पातळानं तशीच बसून राहिली. भीती अजून गेली नव्हती, उलट आता कुठे नीट कळत होती. मुन्ना गेला असता, तर? तर आज गल्लीत त्या बरणीची पूजा लागली असती, आणि उद्या दुसऱ्या कोणाच्या पोराचं पाणी तुटलं असतं. आणि बरणीत तरीही मोरचूदच राहिला असता. पोर जगलं म्हणून तो मोरचूद झाला नाही, आणि मेलं असतं म्हणून प्राण झाला नसता.

म्हणून बाबांनो, बायांनो, एवढं ऐका. जीव कुठून आला, काय आहे, हे विचारायला हरकत नाही, जरूर विचारा. जो कोणी उत्तर देईल, त्याचा खडा हातात घेऊन चुरून पाहा. पण पोराला हगवण लागली असेल तर आधी त्याला मीठसाखरेचं पाणी पाजा आणि दवाखान्यात न्या.