बरकतीच्या डब्यातली किल्ली

मित्रांनो, मी एक जुनी किल्ली आहे. पण मला कमरेला खोचता येत नाही, की खुंटीला अडकवता येत नाही.

लोखंड नाही अंगी, दात नाही तोंडी,
तरी माझ्यावाचून उघडेना कडी.

मी म्हणजे नुसते सोळा आकडे. चार-चारांच्या चार जुड्या. इंटरनेटवरचे गाणे, नाटक, कथा आपल्या संगणकात उतरवून देणारा एक प्रोग्राम आहे, त्याच्या परवान्याची मी किल्ली. पेनांग शहरातल्या आठ-नऊ माणसांच्या एका कंपनीत माझा जन्म झाला. जन्मताच माझ्याकडून एक वचन घेतले गेले : एकाच घरी नांदायचे, फार तर दोन संगणकांवर बसायचे, तिसऱ्याचे दार उघडायचे नाही.

माझी पाठवणी झाली जावा बेटावर, क्लातेनजवळच्या एका गावात, बू लस्मियाती यांच्या घरी. 'बू' म्हणजे बाई.

तेव्हा त्या अडुसष्ट वर्षांच्या होत्या. त्यांचे पती की वर्सोनो ('की' हा कलावंताच्या नावाआधीचा मान) हे दालांग, म्हणजे पडद्यामागे बसून चामड्याच्या बाहुल्या नाचवणारे आणि रात्र संपेपर्यंत कथा सांगणारे. राजाचा दरारा, राक्षसाची गुरगुर, विदूषकाची खोडी, सारे त्या एका गळ्यातून निघायचे. त्यांच्या पाठीमागे गेंदेर घेऊन बसायच्या लस्मियाती. काशाच्या पट्ट्यांचे ते वाद्य, दोन्ही हातांतल्या दोन गोल काठ्यांनी वाजवायचे. चाळीस वर्षे त्यांनी नवऱ्याचा चेहरा नाही, पाठच पाहिली. ते आता कुठे श्वास घेणार, कुठे थांबणार, हे त्या खांद्यांवरून ओळखायच्या.

की वर्सोनो गेले आणि मागे उरले त्यांचे एक्केचाळीस खेळ. सोलो शहरातल्या पाक, म्हणजे श्रीयुत, हार्जोनो या रेकॉर्डिंगवाल्यांनी ते इंटरनेटवर आपल्या वाहिनीवर ठेवले होते. हार्जोनो आता थकले होते. मूळ ध्वनिफिती बुरशीने खाल्ल्या होत्या आणि महिनाअखेरीस वाहिनी बंद व्हायची होती. त्यांनी लस्मियातींना सही करून पत्र दिले : 'खेळ तुमच्या घरचे आहेत. बंद होण्याआधी उतरवून घ्या.'

माझ्याशिवाय तो प्रोग्राम फक्त पहिली दहा मिनिटे उतरवून द्यायचा.

"दहा मिनिटांत नुसती वाद्यंच वाजतात," लस्मियाती म्हणाल्या, "माझ्या माणसाने अजून घसासुद्धा खाकरलेला नसतो!"

म्हणून त्यांनी मला विकत आणले.

आता एक गंमत ऐका. जावात सूर आकड्यांनी लिहितात. एक, दोन, तीन, पाच, सहा. त्या सुरावटीत चाराला जागाच नाही. आणि ओळही चार-चार आकड्यांच्या जुड्यांनीच भरायची असते. योगायोग असा, की माझ्यातही चार नव्हता. लस्मियातींनी मला आपल्या सुरांच्या वहीत शेवटच्या पानावर उतरवून घेतले, ६५३२ १६५३ २३५६ १२१६, आणि लिहिता लिहिता त्यांच्या ओठांतून मी गुणगुणली गेले.

"अगं बाई, ही तर चाल आहे!" त्या हसून म्हणाल्या.

मित्रांनो, कोणत्या किल्लीला असे भाग्य लाभले असेल? तांदूळ निवडताना, कपडे वाळत घालताना त्या मला गुणगुणत. संगणकावर एकेक खेळ उतरत होता. सव्वीस झाले होते.

तेवढ्यात की वर्सोनोंच्या मृत्यूनंतरचा हजारावा दिवस आला. अशा दिवशी गावाला जेवण असते. लोक प्रार्थना करतात, दोन घास खातात आणि उरलेले डब्यातून घरी नेतात. त्या डब्याला तिथे बरकतच म्हणतात. त्रेसष्ट डबे भरले. भात, टेंपे म्हणजे आंबवलेल्या सोयाबीनच्या वड्या, उकडलेले अंडे, आपेम नावाचे तांदळाचे गोड घावन. आणि प्रत्येक डब्यात लस्मियातींनी हौसेने एक चिठ्ठी ठेवली. चिठ्ठीवर मी.

त्यांच्या मनात काय होते, ते मला ठाऊक आहे. हा माणूस गावाचा होता, त्याचा आवाज घरोघरी जावा. विस्तव मागायला शेजारी आला तर कुणी नाही म्हणते का? आणि विस्तव दिल्याने आपली चूल थोडीच विझते?

पण मी विस्तव नव्हते. चौथ्या दिवशी पडद्यावर अक्षरे उमटली : 'ही किल्ली चोवीस संगणकांवर वापरली गेली आहे. ती बंद करण्यात येत आहे.'

घरच्याच माणसांसमोर मला मुके व्हावे लागले.

संध्याकाळी पुतण्या बाग्यो आला. काकूला तो बुलिक म्हणायचा. त्याचे मोबाइल दुरुस्तीचे दुकान होते. मनाने चांगला, पण फुकटाचे कौतुक फार.

"बुलिक, एवढं तोंड कशाला पाडता? असल्या किल्ल्या इंटरनेटवर पोत्याने पडल्यात."

"कुणाच्या आहेत त्या?"

"कुणाच्या नाहीत, म्हणूनच फुकट!"

"बाग्यो, रस्त्यावर सापडलेला भात आपण खातो का रे?"

"बुलिक, हा भात नाही, प्रोग्राम आहे. सरका जरा."

त्या सरकल्या. आठच दिवस उरले होते, हे मी विसरत नाही. बाग्योने कुलूप फोडलेला प्रोग्राम चढवला, त्याच्याबरोबर आलेली खोटी किल्ली टाकली. ती माझ्यासारखीच दिसत होती हो. तसेच सोळा आकडे, तसाच तोरा. पण तिच्या पदराआडून कोण घरात शिरले, ते कुणाला दिसले नाही.

सकाळी संगणक उघडला तर पडदा लालभडक. सव्वीसच्या सव्वीस खेळांना परके टाळे लागले होते. खंडणी भरा, मग उघडू, असा मजकूर होता. बाग्यो मटकन खाली बसला. त्याच्या दुकानातल्या संगणकाचीही तीच गत झाली होती.

"बुलिक, मारा मला."

"मारून खेळ परत येतील का? ऊठ. आधी हे झाडून साफ कर."

साफ करणे म्हणजे सगळे पुसणे. दोन दिवस त्यात गेले. उरले सहा दिवस, आणि खेळ पुन्हा एक्केचाळीसच्या एक्केचाळीस.

मित्रांनो, आता जे सांगते ते सांगताना मला अजून अभिमान वाटतो. लस्मियातींनी बाग्योच्या फोनवरून माझ्या माहेरी पत्र लिहिले. गेंदेर वाजवणारी ती बोटे एकेक अक्षर शोधत होती. त्यांनी लिहिले : 'तुमची किल्ली मी त्रेसष्ट घरांत जेवणाबरोबर वाटली. चोरी करायची म्हणून नव्हे. पण चूक झाली ती माझीच. काय करू, ते सांगा.'

दुपारी उत्तर आले. सुहैला नावाच्या बाईंनी लिहिले होते : 'बू, किल्ली जेवणात वाढल्याचं मी पहिल्यांदाच ऐकतेय! आमच्यासाठी एक डबा ठेवायचा होता. ज्या ज्या संगणकावर ती गेली, तिथून लोकांनी ती काढली की मोजणी कमी होईल. दोनवर आली की किल्ली मी स्वतः सुरू करीन.'

ऐकायला सोपे वाटते ना? पण मेलेल्या माणसाच्या नावाने दिलेली बरकत परत मागायची, असे त्या गावात कधी घडले नव्हते. पहिलेच दार कर्सिनेमबाईंचे. त्या टेंपे विकायच्या आणि बोलायला तिखट.

"दिलेली बरकत परत मागतात का गं कुणी? उद्या म्हणशील, अंडं पण परत दे."

"अंडं माझं होतं, ते दिलं. किल्ली वाटायची नव्हती, ती मी वाटली. माझं चुकलं, कर्सिनेम."

"आणि मग आम्ही वर्सोनोदादांचा खेळ ऐकायचा कसा?"

"माझ्या ओसरीवर ये. दर शुक्रवारी. सगळ्यांना जागा आहे."

"नुसती जागा? चहा नाही?"

"चहा आहे. तुझ्या जिभेवर उतारा म्हणून साखर जास्त घालीन."

कर्सिनेमबाई फिसकन हसल्या आणि त्यांनी मुलीला संगणक लावायला सांगितले.

त्या दिवशी आणि दुसऱ्या दिवशी लस्मियाती बाग्योच्या मोटारसायकलवर मागे बसून दारोदार फिरल्या. प्रत्येक दारात तेच शब्द, 'माझं चुकलं.' काही जण कुरकुरले, एकाने दारही लावून घेतले, मग मागच्या दाराने येऊन सांगितले, काढली म्हणून. संख्या उतरत गेली. वीस, अकरा, पाच, तीन. आणि तीनवर अडकली.

लस्मियातींचा संगणक पुसण्याआधी एकदा आणि नंतर एकदा, असा दोनदा मोजला गेला होता; मग हा तिसरा कोण? सगळी घरे झाली होती. तिसऱ्या दिवशी सकाळी कर्सिनेमबाई टेंपेची टोपली घेऊन आल्या. नजर खाली.

"माझा मुलगा सुरबायाला असतो ना... मी त्याला फोनवरून आकडे सांगितले होते. तू गुणगुणायचीस, मला पाठच झाले होते. परवा बोलायची लाज वाटली. आत्ताच काढायला लावली."

लस्मियातींनी कर्सिनेमबाईंचा हात धरला. पण त्या दिवसापासून त्यांनी मला गुणगुणणे सोडले. योग्यच केले. तरी सांगते मित्रांनो, मला चुकल्याचुकल्यासारखे झाले. गाणे होते, ते पुन्हा नुसते आकडे झाले.

दुपारी पेनांगहून सुहैलाबाईंनी मला जागे केले. तीन दिवस मी आणि तो प्रोग्राम खपलो. एक खेळ उतरला की बाग्यो त्याची प्रत वेगळ्या डिस्कवर घ्यायचा, डिस्कची तार काढायचा आणि ती बाहुल्यांच्या लाकडी पेटाऱ्यात ठेवायचा. सांगावे न लागता. चाळीस उतरले. एक्केचाळिसावा उतरत असतानाच वाहिनी मिटली. तो अर्धाच आला.

त्याला आता बरीच वर्षे झाली. मधल्या काळात कंपनीने आकड्यांच्या किल्ल्या बंद केल्या. नवी रीत आली, आणि आम्हा जुन्यांना रीतसर निवृत्त केले. तसा निरोप आला, तेव्हा लस्मियातींनी तो दोनदा वाचला.

"म्हणजे आता हिने काहीच उघडत नाही?"

"काहीच नाही, बुलिक. नुसते आकडे उरले."

"मग आता ही सगळ्यांची," त्या म्हणाल्या.

मित्रांनो, मी कुणाचे दार अडवायला जन्मले नव्हते. आठ-नऊ माणसांनी कष्टाने काहीतरी घडवले, त्यांच्या घरची चूल पेटती राहावी एवढेच माझे काम होते. कुणी तुमच्या तळहातावर फुकटची किल्ली ठेवली, तर लस्मियातींचा तो एक प्रश्न विचारा : 'कुणाची आहे ती?' उत्तर मिळाले नाही, तर हात मागे घ्या. आणि चूक झालीच, तर दारोदार जाऊन 'माझं चुकलं' म्हणण्याइतके धीट व्हा.

दर शुक्रवारी दुपारी ओसरी भरते. चहा गोड असतो. कधी कधी लोक मुद्दाम तो अर्धा खेळच मागतात. की वर्सोनो राणीच्या आवाजात बोलत असतात, वाक्याच्या मधोमध आवाज तुटतो. लस्मियाती समोरच्या भिंतीकडे पाहतात, जणू तिथे कुणी पाठमोरे बसले आहे आणि त्याने नुकताच श्वास घेतला आहे. मग त्या गेंदेरच्या काठ्या उचलतात, आणि जिथे आवाज थांबला तिथून मला वाजवायला लागतात.

सहा, पाच, तीन, दोन.