मुक्याचा धोंडा

"आरं, घोंगडीटेप ह्यो न्हवं, त्यो पल्याडचा!" धुळा ओरडला. "बारा वर्सं पलटणीत काय काढलीस, डोंगर ईसरलास व्हय रं?"

"डोंगर हाय तितंच हाय. तुजंच डोळं गेल्यात," मानसिंग म्हणाला. "आन् वरडू नगंस. सायेबास्नी वाटंल मारामारी लागलीया."

साहेबांना काही वाटावं अशी त्यांची अवस्थाच उरली नव्हती. करवंदीच्या जाळीखाली बूट काढून ते टाचेवरच्या फोडांना फुंकर घालत बसले होते. चौऱ्याहत्तर सालचा चैत्र. सड्यावरचा, म्हणजे डोंगराच्या सपाट माथ्यावरचा, कातळ असा तापलेला की पायताणातनं चटका लागावा. आमच्या डोंगरातल्या टेपांची म्हणजे टेकाडांची, खिंडींची, पाणवठ्यांची नावं लिहून घ्यायची, ती का पडली ते लिहायचं आणि वहिवाट कुणाची तेही लिहायचं, असा वरनं हुकूम आला होता. साहेब त्यासाठी आले होते. मी आकाराम, गावचा कोतवाल. साहेबांची वही, पाण्याची बाटली आणि अंगठ्याच्या शाईचा डबा माझ्या पिशवीत होता.

नावं सांगायला धुळा. सड्यावर धनगरांची सात घरं, त्यातलं एक त्याचं. त्याच्याइतका डोंगर दुसऱ्या कुणाला पाठ नव्हता. आणि लिहायला मानसिंग, कारण धुळाचं बोलणं साहेबांना निम्मंच कळायचं आणि मानसिंगचं अक्षर मोत्यासारखं. पलटणीतनं हवालदार होऊन आलेला, पाटलाच्या घरचा माणूस. पण लहानपणी उन्हाळाभर तो वरच असायचा, धुळाच्या म्हसरांमागं. धुळाच्या आईच्या, भामाबाईच्या हातची नाचणीची भाकरी खाऊनच त्याचं अंग भरलं. दोघं एका घोंगड्यात झोपलेले गडी.

"तुम्ही तिघं पुढं जा," साहेब कळवळून म्हणाले. "सगळं नीट लिहा, सांगणाऱ्याला वाचून दाखवा, त्याचा अंगठा घ्या. मी इथंच बसतो."

आम्ही निघालो. धुळा तर रंगातच आला होता. आजवर त्याला कुणी काही विचारलं नव्हतं. म्हसरं आवर, बाजूला हो, एवढंच ऐकलेलं. आता सरकार त्याला विचारत होतं.

"लिव, ह्यो उपाशी माळ. हितं येक वऱ्हाड पावसानं दोन दीस आडिकलं हुतं. जेवान नवरीच्या घरला आन् वऱ्हाडी हितं! नवरदेवानं म्हनं बाशिंगाची फुलं खाल्ली."

"ते बी लिवू?" मानसिंग हसला.

"लिव की! का पडलं इचारलंय न्हवं? आन् ही खाली रेडेबुड. माज्या चुलत्याचा रेडा ह्या चिखलात गेला, शिंगं तेवडी वर ऱ्हायली. चुलता तीन दीस जेवला न्हाई. बायकू मेली तवा जेवला हुता."

असं हसत हसत आम्ही जांभळीपाशी आलो. जांभळीच्या बुडाला कातळात हातभर रुंद टाकं, त्यात बारमाही पाणी. मागं झालेल्या भूकंपात खालच्या कितीतरी विहिरींचं पाणी पळालं, मानसिंगची विहीरही तळाला गेली. इथलं पाणी बोटभरही हललं नव्हतं. सातही घरं आणि दीडशे म्हसरं त्यावर जगत होती.

धुळानं पायताण काढलं. खाली वाकून ओंजळ भरली, ती जांभळीच्या बुडात ओतली आणि म्हणाला, "राहीआय, तुजं तुला." मग दुसरी ओंजळ प्याला. मानसिंगनंही तसंच केलं, मीही केलं. तिथं असंच करतात. आमच्या गावातलं रांगतं पोरही पहिली ओंजळ पीत नाही.

"ह्ये राहीचं पानी," धुळा म्हणाला. आवाज खाली आला होता त्याचा. "राही म्हंजी माजी आजी. आसंच चैताचं दीस हुतं, सारं सुकल्यालं. येक म्हस दोन दीस घावंना. राही मागावर निगाली, तर म्हस हितं हुबी, आन् तोंडाला वल्ला चिखुल. राही म्हनली, हिला घावतंय ते मला का घावंना? बसली इळा घिऊन उकराय. माजा बा पोटात हुता तिच्या. तीन दीस उकारलं तिनं. नखं गेली. पानी आलं तवा पयली वंजळ सोता प्याली न्हाई, जांबळीला घातली."

मानसिंग मान खाली घालून लिहीत होता. मी त्याच्या मागं एका पसरट धोंड्यावर बसलो होतो. मला चौथीपर्यंतचं वाचता येतं. गावात नोटीस आली की मीच वाचून दवंडी देतो. मी सहज वहीत डोकावलो.

वहीत लिहिलं होतं: 'पाटीलझरा. पाटील घराण्यातील मूळ पुरुषाने खोदला. वहिवाट पाटील घराण्याची.'

मानसिंगनं वळून बघितलं. माझ्या डोळ्यांत त्याला दिसलं असणार. तो नुसता बघत राहिला. त्याच आठवड्यात माझ्या पोराला साखर कारखान्यात चिकटवायचं त्यानं कबूल केलं होतं.

मग त्यानं वही उचलून मोठ्यानं वाचायला सुरुवात केली. घोंगडीटेप, उपाशी माळ, रेडेबुड. आणि शेवटी, "राहीचं पाणी. धुळाच्या आजीनं तीन दिवस उकरून काढलं. वहिवाट धनगरवाड्याची." एकही अक्षर अडखळला नाही. वहीत नसलेलं तो घडाघडा वाचत होता.

धुळाचे डोळे भरून आले. माझ्याकडं वळून म्हणाला, "आकाराम, तू वाचनारा हाईस. बराबर हाय न्हवं गड्या?"

मी तंबाखू मळत होतो. मळलेली सगळी तोंडात भरली. भरल्या तोंडाच्या माणसाला कोण बोल म्हणणार? मी पिशवीतनं शाईचा डबा काढला आणि पुढं केला. धुळानं अंगठा दाबून उठवला. फुंकर घालून वाळवलासुद्धा.

पुढच्या साली शिमग्याच्या सुमाराला मानसिंगचे गडी पाइपांचे तुकडे खांद्यावर घेऊन सड्यावर गेले. टाक्यातनं पाणी थेट खाली त्याच्या उसाला न्यायचं होतं. आणि सात घरांना निरोप गेला, म्हसरं दुसरीकडं हलवा. दुसरीकडं म्हणजे कुठं, ते कुणी सांगितलं नाही. दुसरं पाणीच नव्हतं.

धुळा धावत खाली आला. मी तेव्हा मानसिंगच्या सोप्यातच उभा होतो.

"मानसिंगा, तू वाचून दावलं हुतंस."

"कागदात हाय ते हाय, धुळा. तुजा अंगठा हाय त्यावर."

"आरं, पर राहीचं नाव..."

"कागदात राही कुटं हाय, दाव मला."

धुळा उंबऱ्याबाहेर उभा होता, आत आलाच नाही. म्हणाला, "मागितलं आस्तंस तर निम्मं पानी हासत दिलं आस्तं गड्या. आमच्या घरचं खाल्लंयस तू. पर तू माज्या आजीला मारलंस, आन् माज्याच अंगठ्यानं."

जाताना तो माझ्यापाशी थांबला. "तुला वाचाय येत हुतं न्हवं?" एवढंच विचारलं. उत्तराची वाट न बघता चालता झाला. त्यानं मला शिव्या घातल्या असत्या तर बरं झालं असतं. मला त्या रात्री भाकरी गेली नाही, आणि वर्षभर लांबलेलं काम होऊन दुसऱ्या दिवशी पोरगं कारखान्यात हजर झालं.

भामाबाई मात्र गप्प बसणारी नव्हती. सत्तरी उलटलेली बाई, काठी टेकत तालुक्याला गेली आणि कचेरीच्या दारात चार दिवस बसून राहिली. उठवायला येईल त्याला म्हणायची, "सायेबाला म्हनावं, डोंगर चढून ये. बसून ल्हिल्यालं मला ऐकायचं न्हाई." शेवटी पाइपांचं काम थांबवायचा हुकूम निघाला आणि तेच साहेब पुन्हा आले. या वेळी साधी वहाण घालून आले आणि कुणालाही पुढं पाठवलं नाही.

वैशाखाचं ऊन. वर पोचेस्तोवर सगळ्यांच्या जिभा टाळ्याला लागल्या होत्या. जांभळीखाली भामाबाई टाक्याच्या तोंडाशी बसलेली, शेजारी धुळा. मानसिंग वाटभर साहेबांना आपल्या पूर्वजांनी झरा कसा खोदला ते रंगवून सांगत होता. पाणी दिसताच तो पुढं झाला, गुडघ्यावर बसला आणि ओंजळ भरली.

आणि ती ओंजळ त्यानं जांभळीच्या बुडात ओतली. "राहीआय, तुजं तुला."

मग दुसरी ओंजळ प्याला. तिसरी भरताना त्याच्या ध्यानात आलं. हात तसेच राहिले, पाणी गळून गेलं.

"कोण राही?" साहेबांनी विचारलं.

"कोन न्हाई, सायेब. आसंच म्हंत्यात हिकडं."

"सगळेच म्हणतात?" साहेब माझ्याकडं वळले. "कोतवाल, कोण ही राही?"

या वेळी माझ्या तोंडात तंबाखू नव्हती. मानसिंग बघत होता, अगदी गेल्या साली बघितलं होतं तसाच.

"धुळाची आजी, सायेब. पानी तिनं काढलंय. वहीत खोटं लिवलंया. वाचून दावलं येक आन् लिवलं दुसरंच. मी तवाच बगितलं हुतं."

"तेव्हाच बघितलं होतंस?"

"व्हय."

साहेबांनी वही उघडली, जुनं पान खोडलं आणि स्वतःच्या हातानं लिहायला बसले. मानसिंग डोंगर उतरायला लागला. पाइपांचे तुकडे तिथंच पडून होते. धुळानं पुन्हा सगळं सांगितलं, पण या वेळी उपाशी माळावर कुणी हसलं नाही. बाशिंगाची फुलं त्यानं सांगितलीच नाहीत.

शेवटी साहेबांनी आपली पिशवी शेजारच्या पसरट धोंड्यावर ठेवली आणि सहज विचारलं, "आजी, या दगडालाही काही नाव आहे का?"

भामाबाई म्हणाली, "हाय की. मुक्याचा धोंडा."

"जुनं नाव?"

"न्हाई, औंदाचंच. पर आता पोरंसोरं बी तसंच म्हंत्यात. हितं येक मानूस बसला हुता, सायेब. त्याला वाचाय येत हुतं."

तिनं माझ्याकडं बघितलं नाही. धुळानंही नाही. मला वाटलं होतं, खरं बोललो म्हणजे फिटलं. पाणी धनगरांचं धनगरांना मिळालं, पण माझं काही फिटलं नव्हतं.

साहेबांची लेखणी थांबली होती. "कोतवाल, हे नाव खरं आहे का? लोक खरंच असं म्हणतात?"

मी त्या धोंड्याकडं बघितलं. बसायला तो अजूनही चांगला होता.

"खरं हाय सायेब," मी म्हणालो. "लिवा."