महादेवाचे सोडे

सॉल वाक्रूळकरला सगळं पनवेल ओळखत होतं ते आवाजावरून. गावाबाहेरच्या मैदानावर चिंचेच्या झाडाला कर्णा बांधला, की त्यातून येणारा आवाज सॉलचाच असायचा. दिवाळी ढालीचे सामने गेली अकरा वर्षं तो कर्ण्यावरून सांगत होता. सांगत कसला, कीर्तनच करायचा! फलंदाज आत आला की आधी त्याच्या घराण्याचं वर्णन, मग त्याच्या चालण्याचं, मग बॅट धरण्याचं. खेळ पाहायला डोळे होतेच लोकांना, पण बायाबापड्या मैदानावर येत त्या सॉलला ऐकायला.

त्याआधी सॉल स्वतः गोलंदाज होता. सुरुवातीची षटकं त्याला कधी मिळाली नाहीत, याचं कारण त्याचा यहुदी धर्म. अंतिम सामना दोन दिवसांचा, शनिवार-रविवार. शब्बाथ, म्हणजे शनिवारचा देवाचा विसावा, मोडून खेळायचं नाही, हा त्याच्या घरचा नेम. शनिवारी त्याच्या जागी दुसरा कुणी मैदानात धावायचा, आणि रविवारी बाकीचे गोलंदाज दमून हाशहुश्श करत असताना सॉल ताजातवाना येऊन उभा राहायचा. जमलेली जोडी फोडावी ती त्यानंच. कप्तान कमळाकर वाणी म्हणायचा, "आमचा सॉल म्हणजे जेवणानंतरचं ताक. शेवटी येतं, पण त्याशिवाय जिरत नाही!" पुढे मुंबईच्या एका गिरणीनं केवळ त्या गोलंदाजीसाठी त्याला हजेरी मांडायची नोकरी दिली. दोन हंगाम तो पगारी खेळाडू म्हणून खेळला. मग खांदा गेला, सॉल पनवेलला परतला आणि कमळाकरनं त्याच्या हाती माइक दिला.

आता महादेव म्हात्र्याची गोष्ट. ती मात्र सॉल सांगायचा तशी नव्हे.

पन्नास सालचा अंतिम सामना पेणकरांशी. पेणची शेवटची जोडी मैदानात, सहा धावा हव्या होत्या. सॉलनं त्या दिवशी सहा बळी घेतलेले. सातव्यासाठी त्यानं चेंडू टाकला आणि फलंदाजानं तो उंच उडवला. चेंडू सरळ महादेवाच्या डोक्यावर आला. महादेव खाडीकाठच्या मिठागरवाल्यांचा पोर, हात म्हणजे फावडी. त्याच्या हातून चेंडू सुटलेला कुणी पाहिला नव्हता. तो खाली उभा राहिला, हातांची ओंजळ केली आणि चेंडू छातीशी येताच हात काढून घेतले. चेंडू पडला पायाशी. पुढच्याच षटकात पेणनं उरलेल्या सहा धावा काढल्या आणि ढाल जिंकली.

"काय रे हे?" कमळाकर धावत आला.

"कोनतरी 'सोड' म्हनाला," महादेव म्हणाला.

"कोण म्हणालं?"

"मना काय माहीत? ऐकलं मी."

झालं! सोड म्हटलं आणि सोडलं! पेणकर हसले ते हसले, पनवेलकरही हसले. सोडे म्हणजे सोलून सुकवलेली कोळंबी. दुसऱ्या दिवशी महादेव मीठ घेऊन बाजारात आला तर कुणीतरी ओरडलं, "सोडे कसे दिले?" तेव्हापासून महादेव म्हात्रे गावाला महादेव सोडे झाला. त्यानं पुन्हा बॅटबॉलला हात लावला नाही.

सॉलला त्या दिवशी कमळाकरनं विचारलं होतं, "तू सर्वांत जवळ होतास. तू म्हणालास का 'सोड'?"

"मी? छे! मी कशाला 'सोड' म्हणेन?"

यात खोटं एक अक्षरही नव्हतं. सॉल 'सोड' म्हणाला नव्हता. त्या संघात कमळाकरचा एक नियम होता. झेल घेताना 'माझा, माझा' म्हणायचं नाही. 'माझा' सगळेच म्हणतात, कुणाचा ते कळत नाही. म्हणून ज्याला झेल घ्यायचा त्यानं आपलं नाव घ्यायचं. चेंडू उडाला तेव्हा सॉलला वाटलं, सातवा बळी आपल्याच हातात पडावा. महादेव खाली उभा आहे हे त्याला दिसत होतं. तरी तो ओरडला, "सॉल!" दोन पावलं धावला, डोळ्यांत ऊन आलं, तिथेच थबकला. खाडीवरचा वारा सुटलेला, पेणकरांची आरोळी चाललेली. 'सॉल'चं 'सोड' वाऱ्यानं केलं. पण ओरडला तो सॉलच होता, आणि त्यानं नाव घेतलं होतं का, असं त्याला कुणी विचारलं नाही.

तेवढ्यावर थांबता तरी बरं. पण माइक हातात आला, लोक हसायला लागले की माणसाला अजून हसवावंसं वाटतं. जेवणाच्या सुट्टीत सॉल दरवर्षी सोड्यांचं आख्यान लावायचा. सुरुवात ठरलेली. "मंडळी, आम्हा लोकांत सोडे चालत नाहीत. खवलं नसलेलं काही पाण्यातून काढून खाऊ नये, अशी देवाची आज्ञा. पण एका माणसाचे सोडे मी वर्षानुवर्षं चाखतोय आणि देव मला काही म्हणत नाही!" मैदान हसून कोसळायचं.

त्रेसष्ट सालच्या अंतिम सामन्याच्या पहिल्या दिवशी, शनिवारी, आकाशात तीन चांदण्या दिसून शब्बाथ सरला आणि सिनेगॉगच्या अंगणात कीर्तन उभं राहिलं. कीर्तनकार इनॉकमास्तर अलिबागहून आले होते. सॉलचं कीर्तनावर लहानपणापासून प्रेम. पेटीचा पहिला सूर लागला, झांज वाजली, की त्याला वाटे, देव आता पाट मांडून समोर बसला. तो बायकोला, जोकबेदला, घेऊन अगदी पुढे बसला.

उत्तररंगात मास्तरांनी एका तेल्याची कथा लावली. आपलेच पूर्वज, शनवार तेली. शनिवारी घाणा बंद म्हणजे बंद. पण या तेल्याकडे पाहुणे यायचे होते आणि बुधल्यात तेल नव्हतं. त्यानं शुक्रवारी दिवस बुडायच्या आत घाण्यात तीळ भरले, बैल जुंपला आणि तसाच ठेवून दिला. शनिवारी माशी चावली, बैल चालू लागला. तेली ओटीवर बसून प्रार्थना म्हणतोय आणि घाण्याखाली तेल गळतंय.

"रविवारी पंच जमले," मास्तर म्हणाले. "विचारलं, काल घाणा चालवलास? तेली म्हणाला, देवाशपथ, मी हातसुद्धा लावला नाही. सांगा मंडळी, खरं की खोटं?"

"खरं!" मागून कुणी म्हणालं आणि हशा झाला.

"अक्षर न् अक्षर खरं!" मास्तरांनी झांज दाबून धरली. "पण त्याच तेलाचा दिवा त्यानं देवापुढे लावला आणि वात काही पेटेना. काडीवर काडी ओढली, पेटेना. तेली म्हणतो, देवा, मी खोटं कुठे बोललो? देव म्हणाला, बाळा, खोटं बोलला असतास तर बरं होतं. खोटं मला ओळखू येतं. तू तर खऱ्याला खोट्याच्या राखणीला बसवलंस."

सगळे हसले. सॉलच्या कानशिलांतून मात्र वाफ निघाल्यासारखी झाली. मी कशाला 'सोड' म्हणेन! तेरा वर्षांपूर्वीचं स्वतःचं वाक्य त्याला स्वतःच्याच आवाजात ऐकू आलं, आणि तो आवाज किती निर्मळ होता! जोकबेदनं विचारलं, "काय झालं हो? घाम कसला?" तो म्हणाला, "उकडतंय." हेही खरंच होतं. ते ध्यानात आलं आणि त्याला आणखी लाज वाटली.

रविवारी मैदानावर गर्दी मावत नव्हती, कारण अंतिम सामन्यात पनवेलसमोर महादेवाच्याच गावाचा संघ आला होता. आणि महादेव आला होता. तेरा वर्षांत पहिल्यांदा. सगळ्यांच्या मागे, बांधावर, डोक्याला फडकं गुंडाळून, बायकोला, भामाला, शेजारी घेऊन बसला होता.

जेवणाची सुट्टी झाली. कमळाकर आता मंडळाचा चिटणीस होता. तो माइकपाशी आला. "सॉल, गिऱ्हाईक जातीनं हजर आहे बरं का! आज सोडे रंगवून सांग."

"कमळाकर, आज मी खरं सांगणार आहे."

"सांग की! कसंही सांग, हसव म्हणजे झालं."

सॉलनं माइक धरला. "मंडळी," तो म्हणाला, "सोड्यांची गोष्ट मी तुम्हाला अकरा वर्षं सांगतोय. ती लबाडी होती. त्या दिवशी ओरडणारा माणूस होता. तो माणूस मी होतो."

मैदान असं हसलं की चिंचेवरचे कावळे उडाले.

"हसू नका," सॉल कळवळून म्हणाला. "मी हावरट होतो. झेल महादेवाचा होता, मला तो हवा होता."

"वा सॉलभाऊ! सोडे तुमच्यात चालत नाहीत ना?" पुढून कुणी ओरडलं. पुन्हा हशा. सॉलचा आवाजच तसा होता, घडवलेला. तो कळवळला तरी लोकांना त्यात नकलेचा सूर लागायचा. कमळाकर डोळे पुसत म्हणाला, "यंदा बहार केलीस लेका! आख्यानच बदललंस!"

बांधावर महादेव उठून उभा राहिला होता. चपला पायात सरकवून तो भामासह गावच्या वाटेला लागला. सॉलनं माइक कमळाकरच्या हातात कोंबला आणि गर्दीतून वाट काढत तो धावला. जांभळीखाली त्यानं त्याला गाठलं.

"महादेव! थांब."

महादेव थांबला. "झाला का तुमचा हसवून, सॉलशेट?"

पूर्वी हाच महादेव त्याला सॉल्या म्हणायचा.

"मी हसवत नव्हतो. खरं सांगत होतो."

"कर्न्यावर तुमी काय बी सांगता."

"आता कर्णा नाही," सॉल म्हणाला. "मी 'सोड' म्हणालो नव्हतो. माझं नाव घेतलं होतं मी, झेल मला हवा म्हणून. तुला ते 'सोड' ऐकू आलं. कमळाकरनं विचारलं तेव्हा मी नुसतं 'सोड म्हणालो नाही' एवढंच सांगितलं. पुढचं गिळलं. वर तुझी टिंगल करून नाव कमावलं."

महादेवाआधी भामाच बोलली. "म्हंजे आवाज झाला व्हता?"

"झाला होता, वहिनी."

"मी याला दोन येळा देवरुष्याकडं नेला," ती म्हणाली. "सासू म्हनायची, पोराला मैदानावर कोनतरी लागलं, त्याच्या कानात बोलतंय. कोनी हाक मारली तरी हा ओ देत नव्हता. आदी मना विचारायचा, भामे, तू पन ऐकलंस का?"

सॉलला वर बघवेना. टिंगलीचं त्याला ठाऊक होतं, त्याची माफी मागायची म्हणून तो आला होता. पण हा माणूस तेरा वर्षं स्वतःच्या कानांवर विश्वास ठेवायला भ्यायला होता, हे त्याच्या स्वप्नातही नव्हतं.

"कसा म्हनाला होतास?" महादेवानं विचारलं. "तसाच म्हन."

"इथं?"

"इथंच. तवा जेवढ्या जोरात तेवढ्या जोरात."

वाटेवरून लोक येत-जात होते. सॉलनं दम घेतला आणि ओरडला, "सॉल!"

आवाज चिरकला. दोघं-तिघं वळून बघायला लागले.

"दोनदा म्हनाला होतास."

खरंच, दोनदा. सॉल स्वतः विसरला होता. "सॉल!" तो पुन्हा ओरडला. महादेवानं डोळे मिटले होते. मान किंचित कलती करून, ओंजळीत काही झेलावं तसे हात धरून तो ऐकत होता. मग त्यानं डोळे उघडले आणि भामाकडे पाहिलं. "ऐकलंस गो? हाच." त्याच्या गालावरून पाणी ओघळलं, पण त्याकडे त्याचं लक्षही नव्हतं. "मानूसच होता."

"महादेव, मला..." सॉलनं हात जोडले.

महादेवानं ते पाहिले की नाही कोण जाणे. मैदानावर सुट्टी संपल्याची घंटा झाली, तसा तो वळला आणि गावची वाट सोडून परत मैदानाकडे चालू लागला. बांधावर बसला नाही. गर्दीतून सरळ पुढे गेला, दोरीपर्यंत.

सॉल दोन पावलं त्याच्या मागे गेला. भामानं आडवा हात केला.

"तुमी नका येऊ, सॉलशेट," ती म्हणाली. आवाजात राग नव्हता. "आता त्याला खेल बघू दे."