कलश माझ्यावर बसला तेव्हा

मी बेंगळुरूतल्या बसवनगुडीच्या एका घरातला जुना ऑटोमन आहे, मित्रांनो. नाव परकं वाटेल, पण तुम्ही मला कुठे ना कुठे नक्की पाहिलं असेल. पाठ नाही, हात नाहीत, वर गादी आणि गादीखाली झाकणाची पेटी. या घरात कुणी मला पफी म्हणतं, कुणी नुसतं खोकं. मी सगळ्या नावांना ओ देतो.

माझा जन्म इथल्याच, बेंगळुरूच्या शिवाजीनगरातल्या एका गल्लीत झाला. आधी प्लायवूडचं खोकं ठोकलं, त्यावर जाड फोम चिकटवला आणि वरून तपकिरी रेक्झिन ताणून बसवलं. झाकण मुलाच्या बोटांवर धाडकन पडू नये म्हणून त्याला आधाराची दांडी लावायला सांगितली ती आसावरीने. आसावरी लग्न होऊन पुण्याहून या घरात आली होती. तिचा निहार तेव्हा धरून धरून चालायला लागला होता, आणि बाहेरच्या खोलीत काचेचा टीपॉय होता. त्याचे कोपरे तिला झोपेतसुद्धा दिसत. मग टीपॉय गेला आणि मी आलो. तिने माझ्या कडांवरून तळवा फिरवला आणि म्हणाली, "हं, याच्यावर आपटला तरी चालेल." माझ्या वाट्याला आलेलं ते पहिलं कौतुक.

पुढची वर्षं मी खूप राबलो. ट्रे ठेवला की मी चहाचं टेबल व्हायचो. दुपारी आसावरीच्या सासूबाई माझ्यावर सुजलेले पाय ठेवून डुलकी काढायच्या. त्यांचं नाव पद्मावती, पण सगळे त्यांना अक्का म्हणत. पाहुणे वाढले की मी खुर्ची, रात्री कुणी राहिलं की सोफ्याला लागून अर्धा पलंग. निहारसाठी तर मी बस होतो. माझ्यावर घोड्यासारखा बसून तो मोठ्या बसस्टँडचं नाव घेत आजीला ओरडायचा, "मॅजेस्टिक, मॅजेस्टिक! अज्जी, तिकीट घे!"

माझ्या पोटात रजया असत, आणि रजयांच्या खाली, अगदी तळाशी, एका निळ्या पिशवीत निहारचं वाफेचं मशीन. निहारला दम्याचा त्रास होता. हवा गार झाली, धूळ उडाली की त्याची छाती शिट्टी वाजवू लागायची. मग आसावरी झाकण उघडायची, मशीन लावायची, त्यात औषधाची कुपी रिकामी करायची आणि निहारच्या तोंडावर मास्क धरून बसायची. माझ्या शेजारीच प्लग होता, म्हणून मशीन माझ्याकडे. त्याचा मला अभिमान वाटे.

अक्कांचं घराणं पिढ्यान्‌पिढ्या इथलं. त्यांच्या मराठीत कन्नड सहज मिसळलेलं असे, आणि नवरात्रात त्यांच्याकडे बाहुल्या मांडायची रीत होती. पायऱ्या रचायच्या, त्यावर पांढरं कापड घालायचं, सगळ्यात वरच्या पायरीवर लाकडी राजाराणी आणि कलश. एकदा कलश बसला की विजयादशमीपर्यंत पायरीला हात लावायचा नाही.

त्या वर्षी वरच्या पायरीची फळी वाळवीने खाल्लेली निघाली. अक्कांनी इकडे तिकडे पाहिलं आणि त्यांची नजर माझ्यावर थांबली. त्यांनी रजया काढून कपाटात ठेवल्या आणि मला पायऱ्यांमागच्या दिवाणावर चढवलं. पांढरं कापड माझ्यावर आलं, राजाराणी आले, कलश आला. सगळ्यांच्या पायाखालचा मी, एकदम सगळ्यांत वर! खोटं कशाला बोलू, मी फुगलो होतो. पण पोटात ती निळी पिशवी तशीच होती.

संध्याकाळी आसावरी ऑफिसातून आली. मला वर पाहून तिने विचारलं, "अक्का, आतलं सगळं काढलं ना?"

"काढलं गं. कपाटात आहे सगळं. हात धू, बायका येतील आता."

अक्का खोटं बोलल्या नाहीत. मशीन नेहमी आसावरीच काढायची-ठेवायची, त्यांना मी रजयांची पेटी म्हणूनच माहीत होतो. आणि दुधाचं भांडंही दोनदा हुंगून बघणारी आसावरी, तिने त्या दिवशी कपाट उघडून पाहिलं नाही. दारात पहिल्या बाई येऊन उभ्या होत्या.

काही दिवस छान गेले. मग एका दुपारी पाऊस पडून हवा बोचरी झाली. घरात हळदीकुंकवाच्या बायका जमल्या होत्या. निहार खेळता खेळता थांबला आणि भिंतीला टेकून गप्प बसला. कुणाला काही वाटलं नाही. आसावरीने मात्र सुंडलचं, प्रसादाच्या हरभऱ्याच्या उसळीचं ताट खाली ठेवलं, त्याच्याजवळ गेली आणि त्याचा शर्ट वर केला. प्रत्येक श्वासाला बरगड्यांखालची कातडी आत ओढली जात होती.

ती कपाटाकडे धावली. रजया, उशा, चादरी सगळं जमिनीवर आलं. पिशवी नाही.

"अक्का, निहारचं मशीन कुठे ठेवलंत?"

"मशीन? मी तर रजयाच..." अक्कांचं वाक्य तिथेच तुटलं. दोघींनी एकदमच माझ्याकडे पाहिलं.

आसावरी पायऱ्यांपाशी आली. तिने हात वर केले आणि ते कलशाजवळ जाऊन थांबले. शेजारच्या प्रेमाक्का हळूच म्हणाल्या, "पद्मक्का, बसलेला कलश मधेच हलवायचा? स्वल्प थांबा, डॉक्टरांकडेच न्या ना पोराला."

"नेणारच आहे," आसावरी म्हणाली. "पण रिक्षा मिळेपर्यंत हा श्वास कसा घेईल?"

मित्रांनो, तेव्हा मला जेवढं जड वाटलं तेवढं कधीच वाटलं नाही. जे हवं होतं ते माझ्याच पोटात होतं, आणि मला माझं झाकण उघडता येत नव्हतं.

अक्का पुढे झाल्या. त्यांनी हात जोडले, डोळे मिटले आणि उघडले. मग राजाराणीला उचलून प्रेमाक्कांच्या ओटीत दिलं आणि कलश स्वतःच्या छातीशी धरला.

"अक्का, देवी..." आसावरी पुटपुटली.

"देवीचं मी बघते. तू पोराचं बघ."

कापड ओढलं गेलं, झाकण उघडलं. थोड्याच वेळात मशीन घरघरू लागलं. आसावरी निहारला मांडीवर घेऊन बसली होती. अक्का कलश धरून तशाच उभ्या होत्या, त्यांना बसायला सांगायचं कुणाला सुचलं नाही. शिट्टी हळूहळू बारीक होत गेली. मास्कच्या आतून निहार म्हणाला, "अज्जी, पाणी सांडतंय." तेव्हा कुठे अक्का रडल्या. नंतर दोघी रिक्षा करून त्याला डॉक्टरांकडे घेऊन गेल्या. संध्याकाळी कलश एका साध्या स्टुलावर बसला. गल्लीत बोलणं झालंच. अक्का प्रत्येकीला सांगायच्या, "होय, मीच हलवला. सरी? झालं समाधान?"

आता माझं रेक्झिन भेगाळलंय. नव्या सोफ्याला शोभत नाही म्हणून मी आतल्या खोलीत असतो, आणि कित्येक दिवस माझ्यावर कुणी बसतही नाही. त्याचं फारसं दुःख नाही. घरात वस्तू जुनी होते, जागा बदलते. फक्त एक मागणं आहे.

आमच्याकडून एक सोडून दहा कामं करून घ्या, आम्ही नाही म्हणणार नाही. पण आमच्यावर काही मांडायच्या आधी झाकण उघडा आणि तळापर्यंत हात घालून बघा. आत काय राहिलंय ते आम्हाला सांगता येत नाही. श्वास अडकलेल्या लहान मुलालाही सांगता येत नाही, ते नुसतं खेळायचं थांबतं. तेवढं तुम्ही बघत जा.